पुदिन्याचे फूल आणि ठाणे-बेलापूर पट्टा

मेन्थॉल हा पुदिन्याच्या काही जातींच्या तेलातून निघणारा पांढरा, लांबट सुयांसारख्या स्फटिकांचा सुगंधी पदार्थ आहे. काष्ठौषधींच्या दुकानात त्याला पुदिन्याचे फूल किंवा पिपरमिंटचे फूल म्हणतात आणि घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत ठेवतात, कारण उघडे राहिले तर ते हवेत उडून जाते. चिमूटभर फूल तळहातावर घेतले तर आधी थंडावा जाणवतो आणि मग वास नाकात शिरून डोळ्यांना पाणी येते. सर्दीचा मलम, डोकेदुखीचा बाम, खोकल्याची गोळी, टूथपेस्ट, शेव्हिंग क्रीम, थंड तेल, विड्यातला मसाला, या सगळ्यांतला ओळखीचा गारवा बहुतांशी या एकाच पदार्थाचा असतो.

नवी मुंबईच्या दक्षिण टोकाला, बेलापूरच्या किल्ल्याजवळ, पनवेल खाडीच्या तोंडाशी दिवाळे हे कोळ्यांचे गाव आहे. तिथे पुदिन्याची शेती कधी नव्हती. पण दिवाळ्याच्या शेजारच्या बेलापुरात जो रस्ता येऊन संपतो, त्या ठाणे-बेलापूर रस्त्याचा मेन्थॉलच्या भारतीय इतिहासाशी जवळचा संबंध आहे. रस्त्याच्या उत्तर टोकाला, कळव्यात, या पदार्थाचा एक मोठा कारखाना उभा राहिला. परदेशातून येणारे मेन्थॉल या देशात तयार होऊ लागले, त्या घडामोडीत या कारखान्याचा वाटा ठळक आहे. आज निसर्गातून मिळणाऱ्या मेन्थॉलच्या बाजारात भारत जगात पहिला आहे. हे यश पुरातन परंपरेतून आलेले नाही. परकीय चलनाची टंचाई, सरकारी परवान्याची अट, जम्मूतली एक प्रयोगशाळा, हिमालयाच्या तराईतले शेतकरी आणि कळव्याचे कामगार यांनी ते साठेक वर्षांत घडवले आहे.

मेन्थॉलच्या रेणूत दहा कार्बन, वीस हायड्रोजन आणि एक ऑक्सिजन असे अणू असतात. त्याच अणूंची अवकाशातली मांडणी बदलली की एकूण आठ रूपे होतात. त्यांतले एकच, ज्याला रसायनशास्त्रात एल-मेन्थॉल म्हणतात, खरा गारवा आणि स्वच्छ वास देते. पुदिन्याचे झाड नेमके हेच रूप बनवते. कारखान्यात ते एकटे मिळवायला रसायनशास्त्रज्ञांना दीर्घकाळ झगडावे लागले. पुदिन्यासारखा वास असलेली आणखीही काही संयुगे वनस्पतींच्या तेलांत असतात. मेन्थोन हे मेन्थॉलचे सख्खे भावंड म्हणावे असे आहे, पण त्याला तितका गारवा नाही. पुलेगोनचा वास उग्र असतो आणि जास्त प्रमाणात ते यकृताला घातक ठरते. कार्व्होन हे आपल्या नेहमीच्या, चटणीच्या पुदिन्याचे मुख्य द्रव्य. म्हणूनच भेळेवरची हिरवी चटणी आणि सर्दीचा मलम यांचा वास एका कुळातला असूनही वेगळा लागतो. चटणीच्या पुदिन्यात मेन्थॉल जवळजवळ नसते. ते ज्या झाडात भरपूर असते, तो जपानी पुदिना घरच्या कुंडीत क्वचितच दिसतो.

गारव्याचे कोडे अलीकडेच उलगडले. मेन्थॉल लावल्याने त्वचेचे तापमान फारसे उतरत नाही. त्वचेतल्या आणि नाकातोंडातल्या चेतातंतूंवर थंडी ओळखणारे एक प्रथिन असते, टीआरपीएम-८ नावाचे. प्रत्यक्ष थंडीने ते जागे होते आणि मेन्थॉलनेही होते. मेंदूला दोन्ही वेळी एकच निरोप मिळतो. हे प्रथिन २००२ मध्ये डेव्हिड ज्युलियस आणि आर्डेम पॅटापुटियन यांच्या प्रयोगशाळांनी स्वतंत्रपणे शोधले. स्पर्श आणि तापमान यांच्या संवेदनांवरील कामासाठी या दोघांना २०२१ चे नोबेल पारितोषिक मिळाले. सर्दीत मलम चोळल्यावर नाक मोकळे झाल्यासारखे वाटते, त्याचे कारणही मुख्यतः हेच आहे. नाकातली सूज तेवढीच राहते, आत जाणारी हवा मात्र गार जाणवते.

युरोपात मेन्थॉलची पहिली नोंद १७७१ सालची आहे. हॉलंडमधील लायडेन विद्यापीठातले वैद्य गाउबियस यांनी पेपरमिंटच्या तेलात तळाशी जमलेले स्फटिक पाहिले आणि त्यांचे वर्णन केले. पण त्याचा मोठा व्यापार उभा केला तो जपानने. जपानी पुदिन्याच्या तेलात मेन्थॉलचे प्रमाण सत्तर-ऐंशी टक्क्यांपर्यंत जाते, त्यामुळे तेल नुसते गार केले तरी स्फटिक बाहेर पडतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून हे स्फटिक जपानी बंदरांतून जगभर जाऊ लागले. उत्तरेकडच्या होक्काइदो बेटावर किटामी या गावाभोवती पुदिन्याची शेती इतकी वाढली की १९३९ च्या सुमारास जगातले सत्तर टक्के मेन्थॉल एकट्या किटामीतून येत होते, असे तिथले संग्रहालय सांगते. हिंदुस्थानात येणारा मालही मुख्यतः जपानी असे. औषधांच्या घाऊक व्यापारासाठी ओळखल्या जाणाऱ्या मुंबईच्या प्रिन्सेस स्ट्रीटवर अशा परदेशी मालाची मोठी उलाढाल चाले.

मुंबई ही देशी बामांची जन्मभूमी आहे. काशीनाथुनी नागेश्वरराव हे तेलुगू गृहस्थ कामधंद्यासाठी मुंबईत आले आणि १८९३ मध्ये त्यांनी इथेच अमृतांजन काढले. गाण्याच्या मैफिलींत ते या पिवळ्या बामाच्या डब्या फुकट वाटत. १९१४ मध्ये त्यांनी कारखाना मद्रासला नेला. त्यांनी तेलुगू वृत्तपत्रही काढले आणि पुढे ते स्वातंत्र्यचळवळीतले मान्यवर पुढारी झाले. जामनगरचे वैद्य झंडू भट्ट यांचे नातू जुगतराम वैद्य यांनी १९१० मध्ये मुंबईत झंडू फार्मास्युटिकल वर्क्स स्थापन केली. तिचा बाम पुढे घरोघर पोहोचला. अमृतांजन असो की झंडू, आजच्या बामांचा कणा मेन्थॉल आणि गंधपुऱ्याचे तेल हाच आहे.

याच काळात लाहोरहून आलेली अमृतधारा महाराष्ट्रातही रुजली. तिची कृती घरी करण्याजोगी असल्याने अनेक मराठी घरांत ती पाठच होती. भीमसेनी कापूर, पुदिन्याचे फूल आणि ओव्याचे फूल समभाग घेऊन एका कोरड्या बाटलीत घालायचे आणि बूच लावून बाटली हलवायची. पाण्याचा थेंबही न घालता तिन्ही घन पदार्थ काही वेळात विरघळून पातळ, पिवळसर द्रव होतात. पाहणाऱ्याला ही जादू वाटते. तिच्यामागे साधा नियम आहे: हे तिन्ही पदार्थ एकत्र आले की मिश्रणाचा वितळण्याचा अंश खोलीतल्या तापमानाच्या खाली उतरतो. एकटे मेन्थॉल बेचाळीस अंश सेल्सियसच्या आसपास वितळते, ओव्याचे फूल पन्नासच्या आसपास आणि कापूर तर पावणेदोनशेच्या वर. एकत्र आल्यावर कोणालाच घन राहता येत नाही. पोटदुखीला बत्ताशावर दोन थेंब, दाताला कापसाचा बोळा, डोके दुखले तर कपाळावर, असा तिचा वापर असे.

ओव्याचे फूल म्हणजे थायमॉल. त्याचा आणि मेन्थॉलचा इतिहास पुढे एकमेकांत गुंतलेला आहे, म्हणून त्याच्याकडे थोडे वळावे लागते. पहिल्या महायुद्धापूर्वी हिंदुस्थानातला ओवा मोठ्या प्रमाणात जर्मनीला जात असे. तिथल्या कारखान्यांत त्यातून थायमॉल काढले जाई आणि तेच अंकुशकृमीवरचे औषध व जंतुनाशक म्हणून चढ्या किमतीने इथे परत येई. १९१४ मध्ये युद्ध सुरू झाले, जर्मनीचा रस्ता बंद झाला, आणि ज्या देशात ओवा पिकतो त्याच देशात थायमॉलची टंचाई झाली. कच्चा माल इथला आणि पक्का माल परदेशचा, हे वसाहतीच्या व्यापाराचे नेहमीचे रूप एका मसाल्याच्या डब्यातल्या दाण्यापर्यंत पोहोचले होते. मुंबईत मसाल्याची घाऊक पेठ मशीद बंदरला होती. १९९० च्या दशकात ती वाशी-तुर्भ्याच्या कृषी उत्पन्न बाजार समितीच्या आवारात आली, आणि ओव्याचा व्यापारही तिच्याबरोबर खाडी ओलांडून नवी मुंबईत आला.

दुसऱ्या महायुद्धात तोच प्रकार मेन्थॉलच्या बाबतीत झाला. १९४१ च्या डिसेंबरात जपान युद्धात उतरल्यावर जपानी माल थांबला. खुद्द जपानमध्ये पुदिन्याची शेते अन्नधान्याखाली गेली. युद्धानंतर जगाच्या बाजारात ब्राझील पुढे आला. तिथे स्थायिक झालेल्या जपानी शेतकऱ्यांनीच साओ पावलो आणि पाराना भागांत पुदिना लावला होता. पुढे पॅराग्वे, तैवान, चीन यांचीही भर पडली. स्वतंत्र भारत मात्र अजून आयातीवरच चालत होता, आणि १९५७-५८ च्या परकीय चलनाच्या संकटानंतर तशी चैन देशाला परवडणारी नव्हती. आयात परवाने आवळले गेले. ज्या कंपन्यांना इथे माल विकायचा होता, त्यांना कच्चा मालही इथेच उभा करा, असे सांगितले जाऊ लागले.

शेतीची तयारी त्याआधीच एका प्रयोगशाळेत सुरू झाली होती. भारतीय औषधी वनस्पतींच्या अभ्यासाचे जनक कर्नल रामनाथ चोप्रा यांनी जम्मूतल्या औषध संशोधन प्रयोगशाळेची धुरा १९४० च्या दशकात हाती घेतली. हीच संस्था पुढे वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेची प्रादेशिक प्रयोगशाळा झाली. १९५० च्या दशकात तिथे जपानी पुदिन्याची रोपे आणून लावण्यात आली. रोप टिकले, तेल चांगले निघाले. पण काश्मीर आणि जम्मूपेक्षा हिमालयाच्या पायथ्याची तराई, म्हणजे तेव्हाच्या उत्तर प्रदेशातले रामपूर, नैनिताल, मुरादाबादकडचे ओलसर, सुपीक पट्टे, या पिकाला जास्त मानवले.

इथे कळव्याचा संबंध येतो. अमेरिकेतल्या उत्तर कॅरोलायना राज्यातल्या ग्रीन्सबरो गावात लन्सफर्ड रिचर्डसन या औषधविक्रेत्याने १८९० च्या दशकात मेन्थॉल, कापूर आणि निलगिरी व्हॅसलिनमध्ये मिसळून सर्दीचा मलम तयार केला. मेव्हणे असलेल्या डॉक्टर जोशुआ व्हिक यांचे नाव त्याने मलमाला दिले. १९१८ च्या जागतिक इन्फ्लुएंझाच्या साथीत त्याचा खप अफाट वाढला. व्हिक्स नावाचा हा मलम भारतातही विकला जात होता. १९६४ मध्ये रिचर्डसन हिंदुस्तान लिमिटेड ही कंपनी इथे स्थापन झाली. तिला मिळालेल्या परवान्यात व्हिक्सचा मलम, खोकल्याच्या गोळ्या आणि इनहेलर यांच्या जोडीला मेन्थॉल आणि मेन्थॉल काढून घेतलेले पेपरमिंट तेल यांचेही उत्पादन होते. तयार मलम विकणारी कंपनी आता मेन्थॉलचीही उत्पादक झाली. तिचा कारखाना ठाण्याजवळ कळव्याला, ठाणे-बेलापूर रस्त्यावर उभा राहिला.

त्या काळी हा रस्ता नुकताच उद्योगांसाठी मोकळा झाला होता. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ १९६२ मध्ये स्थापन झाले आणि ठाणे खाडीच्या पूर्व काठाने कळवा, दिघे, ऐरोली, रबाळे, घणसोली, तुर्भे असा औद्योगिक पट्टा आखला गेला. एका बाजूला पारसिकचा डोंगर, दुसऱ्या बाजूला खाडी, मिठागरे आणि भातखाचरे, आणि मधून हा रस्ता. नोसिलसारखे मोठे पेट्रोरसायन कारखाने, रंग, औषधे, कीटकनाशके यांचे उद्योग काही वर्षांत तिथे दाटीने उभे राहिले. १९७० मध्ये सिडकोची स्थापना झाली. ९५ गावांच्या जमिनी संपादन करून नवी मुंबई वसवण्याचे काम सुरू झाले, आणि दिवाळ्याच्या कोळ्यांच्या दारात सीबीडी बेलापूर हे कार्यालयांचे शहर आले.

तेलातून मेन्थॉल काढण्याची रीत तत्त्वतः सोपी आहे. हवा तो दर्जा गाठायला मात्र अनुभव लागतो. शेतावरून आलेले पुदिन्याचे तेल पिवळसर, तिखट वासाचे असते. ते गाळून, पाणी काढून डब्यांत भरतात आणि शीतगृहात ठेवतात. तापमान एकदम उतरवले तर स्फटिक बारीक आणि मळकट येतात, म्हणून ते टप्प्याटप्प्याने, काही दिवस घेऊन, शून्याच्याही खाली नेतात. डब्यात हळूहळू लांब, पारदर्शक कांड्या वाढत जातात. मग उरलेले पातळ तेल निथळून घेतात, ओले स्फटिक सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवतात, पुन्हा वितळवून पुन्हा जमवतात आणि मंद उबेत वाळवतात. लांब, स्वच्छ कांड्यांना बाजारात बोल्ड क्रिस्टल म्हणतात आणि भाव चांगला मिळतो. बारीक मालाला फ्लेक किंवा पावडर म्हणतात. निथळलेल्या तेलातही बरेच मेन्थॉल उरतेच. या तेलाला व्यापारात डीएमओ म्हणतात. त्यातला मेन्थोनचा वास टूथपेस्ट आणि गोळ्यांना उपयोगी पडतो, त्यामुळे ते वाया जात नाही.

कच्चे तेल हवे तर शेतकरी हवा. तराईत शेतकऱ्यांकडून जपानी पुदिना लावून घेण्यात रिचर्डसन हिंदुस्तानचा वाटा मोठा होता. लखनऊच्या केंद्रीय औषधी व सुगंधी वनस्पती संस्थेने, म्हणजे सीमॅपने, पुढे हे काम फार पुढे नेले. १९५९ मध्ये सुरू झालेल्या या संस्थेने हिमालय, कोसी, सिम-क्रांती अशा जाती दिल्या. त्यांनी तेलाचे प्रमाण वाढवले आणि पिकाचा कालावधी कमी केला. त्यामुळे बटाटा निघाल्यावर आणि भात लावण्याआधी, जानेवारी-फेब्रुवारी ते मे-जून या मोकळ्या काळात पुदिना बसू लागला. शेतावरच लोखंडी टाकी, खाली भट्टी, वर थंड पाण्यातून जाणारी नळी, अशा साध्या ऊर्ध्वपातनाने शेतकरी तेल काढतो आणि पत्र्याच्या किंवा प्लॅस्टिकच्या डब्यातून विकतो. तेल बरेच दिवस टिकते, म्हणून भाव पडला तर डबा घरात ठेवता येतो. छोट्या शेतकऱ्याला हे पीक भावले, त्यात या सोयीचा वाटा मोठा आहे. बाराबंकी, संभल, चंदौसी, रामपूर, बदायूं ही नावे मेन्थॉलच्या जगात किटामीच्या जागी आली. १९९० च्या दशकात भारत निर्यातदार झाला आणि आज जगातल्या नैसर्गिक पुदिना तेलाचा फार मोठा हिस्सा भारतातून जातो.

कळव्याच्या कारखान्याचा काळ हा परवानाराज्याचाही काळ होता. किती माल करायचा, हे सरकार ठरवून देई आणि त्यापेक्षा जास्त केला तर तो गुन्हा ठरे. कंपनीचे त्या काळचे प्रमुख गुरचरण दास यांनी लिहून ठेवले आहे की फ्लूच्या साथीत व्हिक्सची मागणी वाढली, कंपनीने ठरवून दिलेल्या क्षमतेहून अधिक माल तयार केला आणि त्याबद्दल दिल्लीत जाब द्यावा लागला. आजारी लोकांपर्यंत औषध जास्त पोहोचवल्याबद्दल उत्पादकाला खुलासा करावा लागणे, ही त्या व्यवस्थेची खरोखर अन्यायकारक बाजू होती. त्याच व्यवस्थेने मेन्थॉल इथे बनवायला भाग पाडले, हेही तितकेच खरे आहे. दोन्ही गोष्टी एकाच इतिहासाचा भाग आहेत आणि एक सांगून दुसरी गाळणे योग्य नाही.

१९८० च्या दशकात कंपनीने आयुर्वेदाकडे मोहरा वळवला. १९८४ मध्ये तिने आयुर्वेदिक संशोधन प्रयोगशाळा सुरू केली. मलमातले मेन्थॉल, कापूर, थायमॉल, निलगिरी, टर्पेंटाइन, जायफळाचे तेल ही सारी द्रव्ये देशी औषधींत बसत असल्याने मलमाची नोंद आयुर्वेदिक औषध म्हणून झाली. आज डबीवर पुदिन्याचे फूल, कर्पूर, ओव्याचे फूल अशी नावे दिसतात ती यामुळे. अमेरिकेत जन्मलेला मलम आणि लाहोरची अमृतधारा यांचे मुख्य घटक इतके सारखे आहेत की नोंद बदलायला कृती बदलावी लागली नाही. १९८५ मध्ये कंपनी प्रॉक्टर अँड गँबलकडे गेली आणि पुढे उत्पादन गोव्यातल्या कुंडईसारख्या ठिकाणी वाढले. कळव्याचे महत्त्व ओसरले.

मेन्थॉल वगळता सुगंधी द्रव्यांचा धंदा या भागात टिकून आहे. खाडीच्या पश्चिमेला मुलुंडमध्ये एस. एच. केळकर अँड कंपनी आहे. १९२२ मध्ये सुरू झालेली ही मराठी कुटुंबाची कंपनी साबण, उदबत्ती, सौंदर्यप्रसाधने आणि खाद्यपदार्थांसाठी सुगंध व स्वाद बनवते. तिच्याशी संबंधित केळकर शिक्षण संस्थेने १९८४ मध्ये मुलुंडला वझे महाविद्यालय काढले आणि तिथे सुगंधशास्त्राचे शिक्षणही मिळू लागले. मराठी मुलांना या बंदिस्त धंद्यात शिरायला अशी वाट मिळणे ही मोठी गोष्ट आहे. खाडीच्या पूर्वेला कोपरखैरण्यात प्रिवी कंपनीचे कार्यालय आहे. तिचा मुख्य कारखाना महाडला असून टर्पेंटाइनपासून ती सुगंधी रसायने बनवते. पुदिन्याचे मेन्थॉल आणि चिडाचे टर्पेंटाइन ही रसायनशास्त्रात एकाच टर्पीन कुळातली.

या उद्योगपट्ट्याची किंमत खाडीने मोजली. कारखान्यांचे आणि शहरांचे सांडपाणी दशकानुदशके ठाणे खाडीत गेले आणि किनारी मासेमारी घटली. मुंबईच्या औद्योगिक वाढीचा हिशेब मांडताना कोळीवाड्यांचे नुकसान सहसा शेवटच्या ओळीत येते. ते आधी यायला हवे. दिवाळ्याच्या जेट्टीवर होड्या अजून लागतात आणि गावच्या बाजारात मासळी येते. मात्र जाळे टाकायला लांब जावे लागते.

मेन्थॉलचा भाव ठरवण्याची जागाही मुंबईच झाली. मल्टी कमोडिटी एक्स्चेंजने २००५ मध्ये मेंथा तेलाचे, म्हणजे जपानी पुदिन्याच्या तेलाचे, वायदे सुरू केले. माल चंदौसी-बाराबंकीच्या गोदामात आणि भाव मुंबईच्या पडद्यावर, अशी रचना झाली. एक्स्चेंजमुळे खेड्यातल्या शेतकऱ्याला दिवसाचा दर कळू लागला, हा फायदा निश्चित आहे. पण लहान पिकात मोठा पैसा शिरला की भाव पिसाट होतो. २०१२ च्या सुरुवातीला मेंथा तेल किलोला दोन हजार रुपयांच्या पुढे गेले आणि नंतर झपाट्याने कोसळले. चढ्या भावाच्या आशेने लागवड वाढवणाऱ्यांचे हात पोळले. २०१५ मध्ये वायदेबाजाराची देखरेख सेबीकडे आली.

भावाच्या अशा चढउतारांचा लाभ वायद्यांच्या आधीपासूनच कृत्रिम मेन्थॉलला होत आला. नैसर्गिक माल कधी महाग, कधी दुर्मीळ, म्हणून मोठ्या कंपन्यांना खात्रीचा पुरवठा हवा होता. १९७० च्या दशकात जर्मनीतल्या हारमन अँड रायमर कंपनीने थायमॉलला हायड्रोजन जोडून मेन्थॉल बनवण्याची मोठी पद्धत बसवली. ज्या ओव्याच्या फुलासाठी पूर्वी आपला ओवा जर्मनीला जात होता, तेच थायमॉल आता तिथे डांबरी रसायनांच्या कुळातल्या क्रेसॉलपासून बनत होते आणि त्याचे मेन्थॉल होत होते. १९८० च्या दशकात जपानच्या ताकासागो कंपनीने रियोजी नोयोरी यांच्या उत्प्रेरकाने मिर्सिनपासून नेमके एल-मेन्थॉल मिळवले. आठांपैकी एकच रूप, झाडासारखे. या कामाचा नोयोरी यांच्या २००१ च्या नोबेल पारितोषिकात मोठा वाटा आहे. २०१२ मध्ये बीएएसएफने जर्मनीत सिट्रालपासून मेन्थॉलचा कारखाना सुरू केला आणि पुढे मलेशियातही. याच बीएएसएफचे संशोधन केंद्र २०१७ पासून ठाणे-बेलापूर रस्त्यावर तुर्भ्याला आहे.

कृत्रिम आणि नैसर्गिक एल-मेन्थॉलचा रेणू एकच आहे. शरीराला फरक कळत नाही. फरक आहे तो वासातल्या सूक्ष्म अशुद्धींचा आणि पैसा कोणाकडे जातो याचा. नैसर्गिक मेन्थॉलच्या किलोमागे लाखो लहान शेतकऱ्यांची मजुरी आहे. त्याच वेळी पुदिना पाणी खूप पितो आणि उन्हाळ्यात भूजल उपसतो, हेही नोंदवले पाहिजे. पाण्याची बचत करणाऱ्या जाती आणि लागवडीच्या पद्धती यांवर सीमॅपचे काम यासाठीच महत्त्वाचे आहे.

मेन्थॉलचा एक वापर मात्र सरळ घातक आहे. तंबाखूतला आणि गुटख्यातला तिखटपणा, घशाची जळजळ, हे सारे त्याच्या गारव्याने झाकले जाते आणि नवख्या माणसाला सवय लागणे सोपे होते. महाराष्ट्राने २०१२ मध्ये गुटखा आणि पानमसाल्यावर बंदी घातली. चोरटी विक्री थांबलेली नाही. लहान मुलांच्या बाबतीतही सावधगिरी हवी. दोन वर्षांखालील बाळाच्या नाकाशी, ओठाशी किंवा छातीवर मेन्थॉल-कापराचा मलम लावू नये. त्याने बाळाचा श्वास अडू शकतो आणि कापूर पोटात गेला तर झटके येऊ शकतात.

कळव्यापासून बेलापूरपर्यंतच्या पट्ट्याचा इतिहास आज मुख्यतः जमिनी, इमारती आणि माहिती तंत्रज्ञानाच्या कंपन्यांचा सांगितला जातो. मेन्थॉलसारख्या एका वासामागे आयातीचे परवाने, तराईतली शेते, शीतगृहातले कामगार आणि खाडीकाठची गावे होती. त्यांतले जुने कामगार आणि कोळी अजून हयात आहेत तोवर ठाणे आणि नवी मुंबईतल्या महाविद्यालयांनी, संग्रहालयांनी त्यांच्या आठवणी, वेतनपत्रके आणि छायाचित्रे जमवून ठेवावीत.